सुट्टे

अंधेरी पूर्व, स्टेशनबाहेर. रिक्षाचा मीटर 26 वर थांबलेला. 1 फेब्रुवारी 2025 पासून मुंबईत रिक्षाचं किमान भाडं एवढं आहे. तीस रुपये पुढे केले की चार परत यायला हवेत. बहुतेक वेळा येत नाहीत. त्यासाठी रिक्षावाल्याला लबाड म्हणायचं कारण नाही. त्याच्या वरच्या खिशात खरोखरच दहा-विसाच्या नोटा असतात आणि नाणी दोन-तीनच. उतरणाऱ्याला लोकल पकडायची असते. ‘छुट्टा नहीं है’ हे दोघांपैकी कुणीही म्हणतं, आणि ज्याला थांबायला सवड नसते त्याचे चार रुपये जातात.

2015 ते 2021 या काळात हेच भाडं 18 होतं. विसाची नोट, दोनचं नाणं, दोघं आपापल्या वाटेला. 21 झालं तेव्हा वरचा एक रुपया कुणी द्यायचा की कुणी सोडायचा, हे रोज नव्याने ठरू लागलं. 2022 मध्ये 23 झालं आणि सरळ पंचवीस द्यायचा रिवाज पडला. भाडं ठरवताना गॅस, गाडीची किंमत, विमा, दुरुस्ती सगळं धरून सूत्र मांडतात. लोकांच्या खिशात कोणतं नाणं आहे हा रकाना त्यात नसतो. माझ्या मते तो असायलाच हवा.

*

चार रुपये गेले तर मला कळतही नाहीत. पण सकाळी साडेसहाला बोरिवलीत उतरून तीन घरची कामं करणाऱ्या बाईचे जेव्हा दोन रुपये दुकानदाराकडे राहतात, तेव्हा ती ते दोन रुपये लक्षात ठेवते. ‘उद्या घेईन’ म्हणते आणि दुसऱ्या दिवशी खरंच मागते. दुकानदाराच्या तोंडावर आलेला वैताग मी पाहिला आहे. त्या वैतागाचा मला राग येतो. हिशेब तिचा बरोबर असतो.

रुपयाला आता काही येत नाही, असं सगळे म्हणतात. एकट्या रुपयाला काही येत नाही, हे खरं. पण हिशेब पुरा करायला तोच लागतो, आणि तो नसला की फरक नेहमी एकाच बाजूला झुकतो: लहान खरेदी करणाऱ्याच्या विरुद्ध. महिन्याचं सामान एकदम भरणाऱ्याला एकदाच रुपया सोडावा लागतो. रोज पावशेर तेल आणि अर्धा किलो तांदूळ नेणाऱ्याला तो रोज सोडावा लागतो.

*

पाचच्या नाण्याची गोष्ट सविस्तर लिहून ठेवण्यासारखी आहे.

9 जुलै 2019 रोजी ‘बेस्ट’ने साध्या बसचं किमान भाडं आठ रुपयांवरून पाचावर आणलं. पहिल्या पाच किलोमीटरला पाच रुपये. उपनगरातल्या बहुतेकांचा बसप्रवास स्टेशन ते घर एवढाच असतो, तो या पाचात बसला. अंधेरी स्टेशन ते सात बंगले, मुलुंड स्टेशन ते वसाहत, घाटकोपर ते असल्फा. तेव्हापासून पाचचं नाणं म्हणजे बसचं तिकीट असं झालं. लोक ते वेगळं काढून ठेवू लागले. दाराजवळच्या वाटीत, फोनच्या कव्हरात, पाकिटाच्या त्या छोट्या कप्प्यात, जो इतकी वर्षं रिकामाच असायचा.

दुसऱ्या टोकाला त्याच नाण्यांचे ढीग साचले. कंडक्टर आगारात जाऊन पिशवी रिकामी करणार, आगार ती नाणी मोजणार, मग बँकेने ती उचलायला हवीत. नाणी मोजायला माणसं लागतात, ठेवायला जागा लागते, वाहून न्यायला गाडी लागते. करोनाच्या काळात तर अशी वेळ आली की ‘बेस्ट’च्या कर्मचाऱ्यांना पगाराचा काही भाग रोख, तोही नाण्यांत आणि लहान नोटांत मिळू लागला. पगाराच्या दिवशी कंडक्टर स्वतःच गोळा केलेली नाणी पिशवीत घालून घरी नेतोय, हे चित्र मला विसरता येत नाही. ज्या माणसाने महिनाभर लोकांना मोड दिली, त्यालाच किराणावाल्याला ‘एवढी चिल्लर घेता का हो?’ असं विचारायला लागलं.

मग 9 मे 2025. किमान भाडं दहा, वातानुकूलित बसला बारा. एका रात्रीत पाचच्या नाण्याचं मुख्य काम गेलं. दहाचं नाणं किंवा दहाची नोट चालते, आणि गार बसमध्ये आता दोनचं नाणं हवं असतं. भाडं दुप्पट झाल्याची चर्चा झाली, व्हायलाच हवी होती. पण त्या भाड्याने लोकांच्या हातातलं नाणंही बदललं, त्याबद्दल कुणी फारसं बोललं नाही.

*

कंडक्टरकडे मोड नसली की तो तिकिटाच्या पाठीवर पेनने आकडा लिहून देतो. ‘उतरताना घ्या.’ तो तीन बोटं लांबीचा कागद तेवढ्या वेळापुरती हुंडी असते. उतरायच्या आधी एक थांबा लोक सरकत सरकत पुढे येतात, तिकीट दाखवतात, पैसे घेतात. गर्दीत ज्याला सरकता येत नाही, म्हातारं माणूस, कडेवर मूल असलेली बाई, त्याची हुंडी बुडते. पण असेही कंडक्टर मी पाहिले आहेत, जे चेहरा लक्षात ठेवून मागून हाक मारतात: ‘ओ काकू, तुमचे राहिलेत!’

*

मुलुंड. दुपारची वेळ, जेवणं झालेली. जिन्यातून हाक येते, ‘भांडीये…’ आणि बोहारीण वर येते. डोक्यावर टोपली, तीत एकात एक बसवलेली स्टीलची पातेली, झाकणाचे डबे, वर उलटा घातलेला प्लास्टिकचा टब. काखेत कपड्यांचं गाठोडं. या बायका बहुतेक वाघरी समाजातल्या, बोलणं गुजराती वळणाचं, पण मराठी घरात मराठीतच भाव करतात.

हा व्यवहार एकदा जवळून बघावा. घरातली बाई जुन्या कपड्यांचा ढीग पुढे टाकते. बोहारीण त्यातली पॅण्ट उचलते, दोन्ही हातांनी ताणून उजेडासमोर धरते. पहिली नजर बुडावर, मग गुडघ्यांवर, मग चेनवर. ‘बाई, ही विरली.’ बाजूला. शर्टाची कॉलर उलटून बघते; घासलेली असली तर तो अर्धाच धरायचा. साडी झटकून पदर बघते. आमच्या आईच्या वेळी जरीच्या साड्यांवर या बायकांचा डोळा असायचा. खरी जर जाळून तिच्यातली चांदी निघायची, आणि फाटक्या पैठणीला चांगला मोठा पितळी डबा यायचा. आता खरी जर कुणाच्या कपाटातून बाहेर पडत नाही.

मग घासाघीस. एका पातेल्याला पाच कपडे म्हटलं की ती सात म्हणते. सहावर गाडी येते, आणि तेव्हा हमखास ती म्हणते, ‘वर एक चादर टाका ना.’ तिथे ‘वरचं एक’ सोडून द्यायचं नसतं; ते मागायचं, नाकारायचं, पुन्हा मागायचं, आणि शेवटी काहीतरी द्यायचं. रुपयाचं नाव पूर्वी मध्ये येतच नसे. हल्ली ती कधी कधी ‘वर पन्नास द्या’ म्हणते, कारण स्टील महाग झालंय आणि कपडा हलका झालाय.

कपडा हेच तिचं नाणं. ते ती पारखून घेते, सराफ जसा रुपया वाजवून घ्यायचा तसं. पुढे ते कपडे धुऊन, टाके घालून, इस्त्री करून पहाटेच्या बाजारात विकायला जातात आणि बांधकामावरच्या मजुराच्या अंगावर येतात; अगदीच गेलेले असतील ते गॅरेजमध्ये पुसायला. दोनदा धुतल्यावर गोळे येणारे टी-शर्ट यातल्या कुठल्याच वाटेने जात नाहीत, म्हणून ती ते घेत नाही.

नव्या टॉवरच्या फाटकावर पहारेकरी तिला अडवतो. वर जायला फोनवर मंजुरी लागते, आणि तिला बोलावणाऱ्या घरचा नंबर तिला माहीत नसतो. ती हाक मारून घर शोधणारी. जुन्या चार मजली इमारती पाडून टॉवर उभे राहिले तशी तिची फेरी आखूड होत गेली. आमच्याकडे ती अजून येते. पुनर्विकासाच्या कागदांवर सह्या झाल्या आहेत.

*

आहेराचं पाकीट. घाटकोपर, मुलुंडच्या स्टेशनरीच्या दुकानांत पाकिटांवर रुपयाचं नाणं आधीच चिकटवलेलं मिळतं. आत शंभर घाला, पाचशे घाला, वरचा एक असायलाच हवा. एक्कावन्न, एकशे एक, पाचशे एक. मराठी घरं, गुजराती घरं, कच्छी घरं, याबाबतीत सगळ्यांचं एकमत.

ओटीत खण-नारळाबरोबर नाणं. पूजेच्या कलशात सुपारीबरोबर नाणं. लक्ष्मीपूजनाला तबकात राणीछाप चांदीचा रुपया, जो वर्षभर कपाटात असतो आणि त्या दिवशी चिंचेने घासून निघतो. 1968 च्या सुमाराचे पितळी रंगाचे, कमळाचं चित्र असलेले वीस पैसे कित्येक देवघरांत अजून आहेत. कमळ आहे म्हणून ते लक्ष्मीचं. आणि बायकांच्या गळ्यातल्या पुतळ्या तर मुळात व्हेनिसच्या सोन्याच्या नाण्यावरून घडल्या. दूरच्या व्यापाऱ्यांचं चलन इथे गळ्यात आलं आणि दागिना होऊन राहिलं.

देवाण-घेवाणीत जो रुपया आपण सोडून देतो, तोच मंगलकार्यात आपण सोडू देत नाही. मला वाटतं, कार्यातलं वागणं जास्त खरं आहे.

*

विरारकडे जाणारी गाडी भाईंदर सोडून वसईच्या खाडीच्या पुलावर चढली की दारातली दोन-चार माणसं हात जोडतात आणि नाणं खाली टाकतात. टाकलेल्या नाण्याचा हिशेब कुणी ठेवत नाही. पण एक दिसतं: हल्ली टाकणारा आधी खिसा चाचपतो, आणि नाणं नसेल तर नुसताच हात जोडतो.

*

अंधेरी, बोरिवली, घाटकोपर, मुलुंड ही सगळी साष्टी बेटाची गावं. मुंबई इंग्रजांची झाली त्यानंतरही शतकभर ही बाजू त्यांच्याकडे नव्हती. 1534 पासून पोर्तुगीज, 1737 पासून मराठे, 1774 च्या अखेरीस इंग्रज. माहीमची खाडी ओलांडली की राज्य बदलायचं, आणि राज्याबरोबर नाणं. सारा भाताच्या मुड्यांत, बाजारात पोर्तुगिजांचे बझारूक, तांब्याचे पैसे, अगदी खालच्या देवाण-घेवाणीला कवड्या. वर गुजरातेत, सुरतेकडे, कडू बदामसुद्धा मोड म्हणून चालायचे; तॅव्हर्निये या फ्रेंच जवाहिऱ्याने ते सतराव्या शतकात पाहून लिहून ठेवलं आहे. प्रत्येक बदलाच्या जागी सराफ बसलेला, आणि तो बट्टा घेणार. म्हणजे एका नाण्याचं दुसरं नाणं करताना थोडं खाली गळणारच, आणि ते ज्याचं नाणं कमजोर त्याचंच गळणार.

1674 साली शिवाजी महाराजांच्या राज्याभिषेकाच्या वेळी इंग्रजांचा वकील हेन्री ऑक्झिंडेन रायगडावर आला, तेव्हा त्यांच्या मागण्यांत एक नाण्याबद्दल होती: मुंबईत पाडलेली त्यांची नाणी स्वराज्यात चालावीत. महाराजांच्या उत्तराचा आशय असा नोंदलेला आहे की, प्रजेला ज्यात तोटा होईल असं नाणं घ्यायची सक्ती ते करणार नाहीत. वजनाला आणि कसाला उतरलं तर अडवणारही नाहीत. नाण्यावर कुणाची मुद्रा आहे यापेक्षा ते घेणाऱ्याचं नुकसान होतं का, हे त्यांनी आधी पाहिलं. साडेतीनशे वर्षांपूर्वीच्या राजाला हा प्रश्न सुचला होता, हे मी फार आदराने वाचते.

*

1 एप्रिल 1957. आणे-पै गेले, नवे पैसे आले. रुपयाचे सोळा आणे होते, त्याचे शंभर नवे पैसे झाले, म्हणजे आण्याला सव्वासहा. सव्वासहाचं नाणं कसं देणार? सरकारने तक्ते छापले: एक आण्याला 6 नवे पैसे, दोन आण्यांना 12, तीन आण्यांना 19, चार आण्यांना 25.

ही चार आकड्यांची ओळ नीट वाचण्यासारखी आहे. ज्याने चार वेळा आण्या-आण्याची वस्तू घेतली त्याने 24 दिले. ज्याने चार आण्यांची एकदम घेतली त्याने 25. म्हणजे इथे गिऱ्हाइकाचा फायदा, पण विकणारा आण्याचेच फुटाणे विकत असेल तर दर चार गिऱ्हाइकांमागे त्याचा एक पैसा बुडाला. आणि तीन आण्याची वस्तू घेणाऱ्याने मात्र पाव पैसा जास्त मोजला. पाव पैसा ही काही रक्कम नव्हे. पण त्या काळात या तक्त्यांवरून दुकानांत वाद झाले, आणि वाद घालणारे आडमुठे नव्हते. त्यांची अख्खी खरेदीच एक-दोन आण्यांची होती.

‘नवे’ हा शब्द 1 जून 1964 पासून सरकारने काढून टाकला. आणे मात्र लोकांच्या बोलण्यातून कुणी काढू शकलं नाही. मुलुंडच्या मंडईत आजही एखादे आजोबा भाव सांगताना बारा आणे खरं, चार आणे खोटं म्हणतात आणि कोवळी पोरंही ते समजतात.

*

30 जून 2011 रोजी पंचवीस पैसे आणि त्याखालची सगळी नाणी चलनातून गेली. पन्नास पैसे गेलेले नाहीत. कायद्याने ते आजही चालतात, दहा रुपयांपर्यंतच्या देण्याला. एक रुपयापासून वरची नाणी हजार रुपयांपर्यंतच्या देण्याला चालतात. एवढं स्पष्ट लिहिलेलं असूनही पन्नास पैशांचं नाणं उपनगरातलं एकही दुकान घेत नाही. दुकानदाराला दोष देता येत नाही, त्याच्याकडूनही ते पुढे कुणी घेणार नाही. कायद्याने चालणारं आणि हाताने चालणारं, ही दोन नाणी वेगळी आहेत, आणि हात नाही म्हणाला की कायदा तिथे काही करत नाही.

*

एक नाणं हातात घ्या आणि सालाच्या खाली बघा. बारीक चौकटच्या पत्त्यासारखा ठिपका असेल तर ते मुंबईच्या टांकसाळीत पडलं, फोर्टात, रिझर्व्ह बँकेसमोर. चांदणी असेल तर हैदराबाद, गोल ठिपका असेल तर नोएडा, काहीच नसेल तर कोलकाता. चष्मा न लावता मला ते दिसत नाही, पण मुलांना दिसतं, आणि त्यांना हे एकदा सांगितलं की पुढचे आठ दिवस ती घरातली सगळी नाणी उलटीपालटी करतात.

2011 नंतरच्या नाण्यांवर ₹ हे चिन्ह आहे. 15 जुलै 2010 ला सरकारने ते स्वीकारलं. ते काढणारे डी. उदयकुमार तेव्हा पवईच्या आयआयटीत औद्योगिक रचनेच्या विभागात संशोधन करत होते. पवईच्या तलावाकाठी काढलेलं हे चिन्ह. उपनगराने देशाच्या नाण्यावर उमटवलेली ही एक खूण, आणि तिचा मला अभिमान आहे.

*

लोकलच्या डब्यात पासची पाकिटं, किल्ल्यांच्या रिंगा, फोनची कव्हरं विकणारे अंध विक्रेते असतात. पैसे घेतल्यावर ते नाणं अंगठा आणि तर्जनीत धरून कडेवरून फिरवतात. एक आणि दोन रुपयांची स्टीलची नाणी काही काळ इतकी सारखी निघाली की डोळस माणसंसुद्धा फसत होती. अंध माणसाला तर रोज तोटा. पुढे 2007 च्या सुमारास बोटांच्या मुद्रांची नाणी आली, रुपयावर वर केलेला अंगठा, दोनवर दोन बोटं. पण चित्र बघून कळतं, हाताला नाही.

मार्च 2019 मध्ये नवी मालिका आली ती दृष्टिहीनांचा विचार करून: किंमत वाढेल तसा आकार आणि वजन वाढत जाईल अशी. विसाचं नाणं बारा कोनी, बोट फिरवलं की लगेच कळतं. हे फार चांगलं काम झालं. पण जुनी नाणी काढून घेतलेली नाहीत, म्हणून त्या विक्रेत्याच्या डबीत चार-पाच पिढ्यांची नाणी एकत्र असतात, आणि गाडी कांदिवली सोडून बोरिवलीत शिरेपर्यंत त्याला त्यातून बरोबर मोड काढायची असते. तो काढतो. गिऱ्हाइकाने ‘राहू दे’ म्हटलं तर काहींना ते आवडत नाही. हात पुढे करून परत देतात.

*

पूर्वी नाण्याला जी कामं होती, त्यातली दोन: पानाच्या टपरीवरचा एक रुपयावाला फोन, आणि फलाटावरचं वजनाचं यंत्र. नाणं टाकलं की रंगीत दिवे फिरायचे आणि खटकन पुठ्ठ्याचं तिकीट पडायचं, एका बाजूला वजन आणि भविष्य, दुसऱ्या बाजूला नट-नटी. फोन गेले, यंत्रंही फलाटांवरून दिसेनाशी झाली.

*

दहिसर आणि मुलुंड, शहराची दोन दारं. जुलै 2017 मध्ये जीएसटी आला आणि इथली जकात गेली. टोल राहिला. छोट्या गाडीचा टोल 35, मग 40, मग 45 झाला. पस्तीस किंवा पंचेचाळीस असताना पाचचं नाणं नाक्यावर हात बदलत असे, खिडकीतून बाहेर, खिडकीतून आत, मागचे भोंगे वाजवत. ऑक्टोबर 2024 मध्ये मुंबईच्या वेशीवरच्या पाचही नाक्यांवर लहान वाहनांचा टोल बंद झाला. नाण्याची आणखी एक जागा गेली. या बाबतीत मला काही हळहळ नाही.

*

वडापावचा भाव बघत जा. तो तेल, बटाटा, पाव यांच्या भावाने हळूहळू चढत नाही, उडी मारतो. दहाचा बारा झाला तर महिना-दोन महिन्यांत पंधरा होतो, पंधराचा वीस. मधले आकडे टिकत नाहीत, कारण मधल्या आकड्यांची नाणी सकाळी नऊच्या गर्दीत मोजत बसायला टपरीवाल्याला वेळ नाही. कटिंगचंही तेच. म्हणजे नाणं कमी पडलं तर महागाई पायऱ्या उंच करते, आणि त्या पायऱ्या रोज बाहेर खाणाऱ्या माणसाला चढाव्या लागतात. आता अर्धे लोक फोनवरून पैसे देतात, तेव्हा सतरा रुपये लावायला हरकत नव्हती. पण पाटीवर सतरा कुणी लिहीत नाही. सवय नाण्याची आहे आणि ती नाणं गेल्यावरही राहणार असं दिसतं.

*

स्टेशनच्या जिन्यावर बसणारी माणसं संध्याकाळी दिवसभराची चिल्लर पानवाल्याकडे द्यायची आणि नोट घ्यायची. एक काळ असा होता की शंभराच्या चिल्लरला पाच-दहा रुपये वर मिळायचे, कारण मोडीची टंचाई होती आणि दुकानदार देवळं, बस, टपऱ्या सगळीकडे नाणी शोधत फिरायचे. ज्याच्याकडे काहीच नव्हतं त्याच्याकडे ही एक गोष्ट होती जी दुकानदाराला हवी होती. आता पानवाल्याचं गिऱ्हाईक फोन पुढे करतं, त्याला चिल्लर नको असते. तो घेतो, पण उपकार म्हणून.

*

8 नोव्हेंबर 2016 नंतरचे आठवडे. रांगेत उभं राहून हाती यायची ती दोन हजारांची नोट, आणि तिची मोड कुणाकडे नाही. त्या दिवसांत मुलांचे मातीचे गल्ले फुटले, देवघरातली नाणी बाहेर आली, बँकांनी दहाची नाणी पिशव्यांनी दिली. दूधवाला, भाजीवाली, इस्त्रीवाला यांचं नाण्यांवर चाललं. जी नाणी आदल्या आठवड्यात कुणी मोजून घेत नव्हतं, त्यांनी उपनगरातल्या गल्ल्या त्या दिवसांत तगवल्या. हे आम्ही फार लवकर विसरलो.

*

फोनवरून पैसे देण्याच्या सोयीने एक मोठं काम केलं, ते मान्य केलंच पाहिजे: 26 म्हणजे 26. वरचे चार कुणाचे, हा प्रश्नच उरला नाही. भाजीच्या गाडीवरचा डबा मोठ्याने आकडा सांगतो आणि दोघांचं समाधान होतं. ज्यांच्याकडे फोन आहे, त्यात पैसे आहेत, आणि तो वापरायची भीती वाटत नाही, त्यांच्यासाठी हा जुना तंटा मिटला.

राहिले ते बाकीचे. हातात रोख पगार घेणाऱ्या बाया. नातवाने फोन लावून दिला तरी त्यातून पैसे न देणारे आजी-आजोबा. जिन्यावर बसणारी माणसं. शाळेत जाणारी पोरं. यांच्या वाट्याला नाणी उरली, आणि नाणी परत देणारी माणसं कमी होत चालली. फेब्रुवारी 2023 मध्ये रिझर्व्ह बँकेने नाणी देणाऱ्या यंत्रांचा प्रयोग जाहीर केला, बारा शहरांत, स्टेशनं-बाजार अशा जागी. कल्पना उत्तम. पण नोट घेणाऱ्या यंत्रात खोट्या नोटांची अडचण येते म्हणून ही यंत्रं क्यूआर कोडवर चालणार, फोनने खात्यातून पैसे वळते करायचे आणि नाणी घ्यायची. ज्याला नाण्यांची सगळ्यात जास्त गरज आहे, त्याला हे यंत्र नाणी देणार नाही. मला वाटतं इथे यंत्राऐवजी माणूस हवा: घाटकोपरला मेट्रोतून रेल्वेच्या पुलावर येतो तिथे, अंधेरीच्या मोठ्या जिन्याखाली, बोरिवलीच्या बस-थांब्याजवळ एक खिडकी, सकाळी सात ते अकरा, नोट घेऊन मोड देणारी. बट्टा न घेता.

बोरिवलीच्या भाजीवाल्या मावशींना विचारलं, अशी खिडकी निघाली तर कोणती नाणी घ्याल?

‘दोनची,’ त्या म्हणाल्या. ‘पाचची माझ्याकडं पडून हायेत, बसला लागत न्हाईत आता. एकची गिऱ्हाईक घेत न्हाई, हातात ठिवली तर तोंड वाकडं करतंय. दोनची द्या म्हणावं, ताई. आन् शंभरच्या वर नको, पिशवी जड होती.’